तळाशी राहणाऱ्या माशांसाठी मत्स्यालयाची निवड

शाळेत वा कार्यालयात मत्स्यालय ठेवताना बहुधा त्याची उंची व शोभा पाहिली जाते. तळाशी वावरणाऱ्या लहान माशांच्या बाबतीत हा निकष फसवा ठरतो.

सह्याद्रीतील प्रवाहांत आढळणारा पट्टेदार ‘बोटिया स्ट्रायाटा’ हा मासा दगडांच्या आडोशाने समूहात राहतो आणि मिशांनी वाळू चाचपून अन्न शोधतो. त्याला तळाचा विस्तार हवा असतो. ९० सें.मी. लांब, ४५ रुंद व ३० उंच टाकीत सुमारे १२१ लिटर पाणी मावते. ४५ सें.मी. लांब-रुंद व ६० उंच टाकीतही तेवढेच मावते. परंतु तिचा तळ निम्माच असतो. प्राणवायू शोषणारा पाण्याचा पृष्ठभागही निम्म्यावर येतो. म्हणून पसरट टाकी निवडावी. पाण्याचेच वजन सुमारे १२१ किलो होत असल्याने बैठक भक्कम असावी.

तळाशी बारीक, बोथट कणांची वाळू व गुळगुळीत दगड घालावेत. टोकदार खडीने मिशांना इजा होते. वर झाकण असावे. नळाच्या पाण्यातील क्लोरीन काढून टाकावे. विष्ठेतून निर्माण होणाऱ्या अमोनियाचे रूपांतर करणारे जीवाणू वाढण्यास काही आठवडे लागतात. तोवर मासे सोडण्याची घाई करू नये.

निसर्ग संवर्धनाच्या आंतरराष्ट्रीय यादीत ही जाती संकटग्रस्त म्हणून नोंदलेली आहे. म्हणून ओढ्यातून मासे पकडून आणू नयेत; विकत घेतानाही ते कोठून आले याची चौकशी करावी. तसेच मत्स्यालयातील मासे नदीत वा तळ्यात कधीही सोडू नयेत. विद्यार्थ्यांना हा विवेक लाभला, तरच वर्गातील मत्स्यालय सार्थकी लागेल.