रेषेचें हास्य : शि. द. फडणीस यांचें जीवन व कार्य



'व्यंग' म्हणजे शरीरांतील उणीव, आणि 'व्यंग्य' म्हणजे उघड न सांगतां सुचविलेला अर्थ. दोन शब्दांत अंतर काय तें एका यकाराचें. परंतु चित्र काढणाऱ्याच्या हातून हा यकार गळला म्हणजे केवढा अनर्थ होतो, हें शाळेच्या फळ्यावर पुष्कळदां पाहावयास मिळतें. कोणाचे पुढें आलेले दांत, कोणाचा ठेंगणा बांधा खडूनें रेखाटला जातो. चाळीस मुलें हंसतात आणि एक मूल मान खालीं घालतें. अशा हास्यास आम्ही विनोद म्हणत नाहीं. मग विनोद म्हणावें तरी कशास? या प्रश्नाचें उत्तर ज्यांनीं शब्दांनीं न देतां अनेक दशकें केवळ रेषांनीं दिलें, त्या शिवराम दत्तात्रेय फडणीस यांचा परिचय येथें करून देण्याचें आम्हीं योजिलें आहे.

फडणीस यांचा जन्म २९ जुलै १९२५ रोजीं बेळगांव जिल्ह्यांतील भोज या गांवीं झाला. २०२५ च्या जुलै महिन्यांत त्या जन्मास शंभर वर्षें पूर्ण झालीं. त्यांचें शालेय शिक्षण कोल्हापुरास झालें. पुढें मुंबईच्या सर जे. जे. कलाशाळेंत त्यांनीं व्यावसायिक चित्रकलेचा, म्हणजे मुख्यतः जाहिरातीस उपयोगी पडणाऱ्या कलेचा, अभ्यास केला. हा अभ्यास त्यांच्या फार उपयोगीं पडला असावा. रस्त्यानें जाणारा मनुष्य जाहिरातीपुढें घटकाभर थांबत नाहीं. जें सांगावयाचें तें एका दृष्टिक्षेपांत सांगावें लागतें. विद्यार्थिदशेंतच त्यांचीं हास्यचित्रें 'मनोहर' मासिकांत येऊं लागलीं. पुढें त्यांनीं पुण्यास वास्तव्य केलें.

त्यांच्या आयुष्यास वळण लावणारे गृहस्थ म्हणजे 'हंस', 'मोहिनी' व 'नवल' या मासिकांचे संपादक अनंत अंतरकर. त्या काळीं मासिकाच्या मुखपृष्ठावर एखाद्या सुंदर स्त्रीचें चित्र छापण्याचा प्रघात होता. हास्यचित्राची जागा आंत, मजकुराच्या फटींत. अंतरकरांनीं तें आंतून उचलून मुखपृष्ठावर आणिलें, रंगांत छापिलें, आणि हें काम फडणीसांवर सोंपविलें. १९५२ च्या सुमारास 'मोहिनी'च्या मुखपृष्ठावर आलेलें त्यांचें एक चित्र महाराष्ट्रांत सर्वतोमुखीं झालें. तें आपण धड्याप्रमाणें नीट पाहूं.

एक तरुण व एक तरुणी शेजारीं शेजारीं उभीं आहेत. तरुणाच्या सदऱ्यावर उंदरांची नक्षी आहे, तरुणीच्या साडीवर मांजरांची. चित्रांत शब्द एकही नाहीं. परंतु साडीवरील मांजरांचें लक्ष सदऱ्यावरील उंदरांकडे गेलें आहे आणि उंदीर भेदरले आहेत! आतां विचार करा : या चित्रांत हंसें कोणाचें झालें? तरुण कुरूप नाहीं, तरुणी वेडगळ नाहीं. दोघांनाही आपापल्या कापडावर काय चाललें आहे याची वार्ता नाहीं. तरुणाकडे एकट्याकडे पाहावें तर हंसूं येत नाहीं, तरुणीकडे पाहावें तरी येत नाहीं. दोघांना एकत्र पाहतांच तें फुटतें. म्हणजे हास्य कोणा एका मनुष्यांत नसून दोन गोष्टींच्या अकल्पित गांठीभेटींत आहे. ती गांठ चित्रकारानें घालून दिली, सोडविली मात्र पाहणारानें. म्हणूनच या चित्रांस 'हास्यचित्र' हें नांव आम्हांस अधिक शोभतें असें वाटतें.

शब्द नसल्यामुळें अशा चित्रांस भाषेची वेस आडवी येत नाहीं. 'हसरी गॅलरी' या नांवानें भरणारीं त्यांचीं प्रदर्शनें आबालवृद्धांनीं पाहिलीं. पु. ल. देशपांडे यांच्या 'अपूर्वाई' या प्रवासवर्णनांतील चित्रेंही फडणीसांचींच. आपल्या आठवणींच्या पुस्तकास त्यांनीं 'रेषाटन' असें नांव दिलें. देशाटन करणारे पुष्कळ, हें रेषेवरून केलेलें अटन.

परंतु विद्यार्थ्यांनीं त्यांचें विशेष ऋण मानावें तें निराळ्याच कारणासाठीं. पुण्याच्या पाठ्यपुस्तक मंडळाच्या, म्हणजे बालभारतीच्या, प्राथमिक इयत्तांच्या गणिताच्या पुस्तकांस त्यांनीं चित्रें काढून दिलीं. गणिताच्या नांवानें ज्याच्या पोटांत गोळा उठतो त्या मुलास या गोष्टीचें मोल सांगावयास नको. बेरीज म्हणजे एकत्र येणें, वजाबाकी म्हणजे निघून जाणें, भागाकार म्हणजे वांटून घेणें. या सर्व क्रिया आहेत, आणि क्रिया चित्रांत दाखवितां येते. मात्र येथें चित्रकारास मोकळीक थोडी. सात म्हटलें तर सातच काढावे लागतात, आणि गंमत अशी बेतावी लागते कीं मूल हंसेल पण हिशेब चुकणार नाहीं. हंसविणारी रेषा शिकविणारीही होऊं शकते, याचें याहून उत्तम उदाहरण आमच्या पाहण्यांत नाहीं. त्यांच्या पत्नी शकुंतलाबाई यांनींही मुलांसाठीं व विनोदी असें विपुल लेखन केलें.

येथें कोणी विचारील, व्यंगचित्रानें कधीं बोचूंच नये काय? त्याचें उत्तर दुसऱ्या एका थोर चित्रकाराच्या चरित्रांत आहे. केरळांत १९०२ सालीं जन्मलेले के. शंकर पिळ्ळै यांनीं १९४८ त दिल्लीस 'शंकर्स वीकली' हें साप्ताहिक काढलें आणि तें १९७५ पर्यंत चालविलें. त्यांच्या लेखणीची नांगी भल्याभल्या पुढाऱ्यांस लागे. खुद्द पंडित नेहरूही तींतून सुटले नाहींत. त्याच हातानें त्यांनीं मुलांसाठीं गोष्टी लिहिल्या, १९४९ त मुलांची चित्रस्पर्धा सुरू केली आणि १९५७ त 'चिल्ड्रन्स बुक ट्रस्ट' ही बालसाहित्याची संस्था स्थापिली. नांगी सत्तेच्या आसनावर बसलेल्यांसाठीं, गोष्ट मुलांसाठीं. उपहास करावयाचाच तर तो आपल्याहून बलवानाचा. दुबळ्याचा उपहास करण्यास ना धैर्य लागतें ना कला.

रेषेचें सामर्थ्य पेणच्या मुलांस आम्हीं निराळें सांगावयास नको. गणेशमूर्तींच्या कारखान्यांतून डोळ्यांची आखणी करणारा कारागीर तुम्हीं पाहिला आहे. त्याची रेषा केसभर सरकली तर मूर्तीचा भाव पालटतो; म्हणून तो श्वास रोखून कुंचला टेकतो. माणसाचें चित्र काढतांना तेवढीच सावधगिरी हवी.

वहीच्या कडेस चित्रें काढणाऱ्या मुलांनीं हात आंखडूं नये, असेंच आमचें सांगणें आहे. रोह्याच्या एस. टी. स्थानकावर ताटकळणारीं माणसें किंवा पेणच्या बाजारांतील पावसाळी सकाळची छत्र्यांची गर्दी घ्यावी. दोन गोष्टींची अकल्पित गांठ कोठें पडते तें शोधावें, आणि एकही शब्द न लिहितां चित्र पुरें करावें. मग ज्याचें चित्र काढलें असेल त्यालाच तें सर्वांआधीं दाखवावें. तो मनापासून हंसला, तर चित्र साधलें असें समजावें.