सकाळचं आठवत नाही, पण पुरणपोळी बिघडत नाही

प्रश्न : माझ्या सासूबाई ७६ वर्षांच्या आहेत. सकाळी काय खाल्लं ते दुपारी आठवत नाही. तोच प्रश्न पाच मिनिटांनी पुन्हा विचारतात. पुरणपोळी मात्र अगदी काठापर्यंत पुरण नेऊन लाटतात. हे कसं?
— एक वाचक, सातारा

उत्तर : सगळी स्मृती मेंदूत एकाच जागी नसते. प्रसंगांची नवी आठवण पक्की व्हायला कानशिलांच्या आत असलेला हिप्पोकॅम्पस लागतो. हाताचं कसब प्रामुख्याने बेसल गँग्लिया आणि मागचा लहान मेंदू सांभाळतात.

हे उलगडलं हेन्री मोलेसन या अमेरिकी रुग्णामुळे. अपस्मार थांबावा म्हणून १९५३मध्ये त्याच्या दोन्ही बाजूंच्या हिप्पोकॅम्पसचा बराच भाग काढला. मग नवं काही लक्षातच राहीना. मानसशास्त्रज्ञ ब्रेंडा मिलनर यांनी त्याला आरशात बघून चांदणी गिरवायला दिली. तीन दिवसांत हात सफाईदार झाला. पण हे आपण आधी केलंय, याचा त्याला पत्ताच नसे.

तरीही मेंदूचं कोडं मोठं आहे. सी. एलिगन्स या कृमीच्या अवघ्या ३०२ चेतापेशींच्या जोडण्यांचा नकाशा १९८६मध्ये छापला गेला, पण त्यावरून त्याचं सगळं वागणं अजून सांगता येत नाही. आपल्याकडे तर सुमारे ८,६०० कोटी चेतापेशी आहेत!

सासूबाईंचा विसराळूपणा वयावर ढकलू नका. बी-१२ची कमतरता किंवा थायरॉइडही कारण असू शकतं, आणि त्यावर औषध आहे. न्यूरॉलॉजिस्टना दाखवाच. पोळपाट-लाटणं त्यांच्याकडेच राहू द्या. गॅसपाशी मात्र कुणीतरी थांबा.