गुप्तरोगभय : एका शब्दाचा अर्थ आणि त्याचा योग्य वापर



वार्षिक अहवालाच्या या अभ्यासविभागात आम्ही दरवर्षी एखाद्या आजाराची माहिती देतो. यंदा आजाराऐवजी एका शब्दाचा विचार मांडत आहोत. त्यास कारणही तसेच घडले. बाह्यरुग्ण विभागात लैंगिक आरोग्यविषयक सल्ल्यासाठी स्वतंत्र खोली असावी, असा प्रस्ताव विश्वस्त मंडळापुढे आला. खोलीबद्दल कोणाचेच दुमत नव्हते. मतभेद झाला तो दारावरच्या पाटीबद्दल. 'गुप्तरोग विभाग' असे लिहावे, तर त्या दारातून आत कोण जाईल? आणि काहीच न लिहावे, तर गरजू माणसाला दार कसे सापडेल? या चर्चेतून प्रस्तुत लेखाचा विषय निघाला.

शब्दाचा अर्थ

वैद्यकीय ग्रंथांत 'व्हेनिरिओफोबिया' अशी एक संज्ञा आढळते. 'सायप्रिडोफोबिया' हा तिचाच जुना पर्याय होय. लैंगिक संबंधातून होणाऱ्या रोगांविषयी वाटणारे, प्रत्यक्ष धोक्याच्या प्रमाणाबाहेर गेलेले आणि समजूत घालूनही न हटणारे भय, असा तिचा अर्थ आहे. मराठीत आपण त्यास 'गुप्तरोगभय' म्हणू शकतो.

या संज्ञेची घडण मोठी बोलकी आहे. व्हीनस ही रोमन लोकांची प्रेमदेवता. ग्रीकांची प्रेमदेवता ॲफ्रोडायटी; सायप्रस बेटाशी असलेल्या नात्यामुळे तिला सायप्रिस असेही म्हणत. 'फोबॉस' म्हणजे भय, आणि ग्रीक पुराणांत हा फोबॉस ॲफ्रोडायटीचाच पुत्र मानला आहे. प्रेम आणि भय यांचे नाते त्या लोकांनीही फार पूर्वी ओळखले होते, असे म्हणावयास हरकत नाही.

'फोबिया' म्हणजे साधी भीती नव्हे. सापाला भिणे हे शहाणपण आहे. परंतु दोरी पाहून रोज घर सोडून पळणे हा आजार आहे. भय धोक्याच्या मानाने फार मोठे असते, ते महिनोन्‌महिने टिकते आणि त्यापायी माणूस नित्याचे व्यवहार टाळू लागतो, या तीन खुणा पटल्या तरच वैद्यक त्यास 'फोबिया' म्हणते. आजच्या मनोविकारशास्त्राच्या वर्गीकरणात 'गुप्तरोगभय' असे स्वतंत्र निदान नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या अकराव्या वर्गीकरणात, म्हणजे २०२२ पासून लागू झालेल्या यादीत, आजाराच्या अशा अवास्तव चिंतेला मंत्रचळाच्या शेजारी स्थान दिले आहे. हे सयुक्तिकच आहे. कारण असा रुग्ण हात धुणाऱ्याप्रमाणे तपासण्या पुनःपुन्हा करीत राहतो, आणि प्रत्येक तपासणीचे समाधान चार दिवसांत विरते.

आपल्या भाषेतील जुने शब्द

'गुप्तरोग' हा शब्दच भयाचे पहिले बीज आहे. पोटशूळाला किंवा हिवतापाला कोणी गुप्त म्हणत नाही. जे झाकावे लागते ते लाजिरवाणे आणि जे लाजिरवाणे ते पापाचे, ही साखळी एका विशेषणाने तयार होते. 'गरमी' आणि 'परमा' ही नावे आपल्या भागातील वृद्धांच्या तोंडी अजूनही ऐकू येतात. ती रोगापेक्षा शिवी म्हणूनच अधिक वापरली गेली.

रोगाचा दोष दुसऱ्यावर ढकलण्याची रीत तर सर्व जगाची आहे. सोळाव्या शतकातील 'भावप्रकाश' या ग्रंथात भावमिश्रांनी 'फिरंग' रोगाचे वर्णन केले आहे; हा रोग फिरंग्यांच्या संसर्गाने येतो, असे त्यांनी नोंदविले. त्याच उपदंशाला इटलीतील लोक फ्रेंचांचा रोग म्हणत, तर फ्रान्समधील लोक नेपल्सचा. प्रत्येकाने नाव शेजाऱ्याचे दिले आणि दुखणे मात्र घरात लपविले.

पुरुषांमध्ये आढळणारा 'धात जाणे' हा शब्दप्रयोगही येथे विचारात घ्यावा लागेल. आयुर्वेदातील रस, रक्त, मांस, मेद, अस्थि, मज्जा आणि शुक्र या सप्तधातूंपैकी शुक्र हा शेवटचा. तो गेला की अंगातील सत्त्व गेले, ही समजूत लोकमानसात खोल रुजलेली आहे. स्वप्नावस्थेमुळे किंवा लघवी गढूळ दिसल्यामुळे घाबरून अशक्तपणा, झोप न लागणे, कामात लक्ष नसणे अशा तक्रारी घेऊन येणाऱ्या तरुणांच्या या अवस्थेला डॉ. न. ना. विग यांनी १९६० मध्ये 'धात सिंड्रोम' असे नाव दिले आणि ते पुढे जगभर स्वीकारले गेले. वीर्यपतन ही निरोगी शरीराची स्वाभाविक क्रिया आहे. त्याने हाडे झिजत नाहीत आणि रक्तही आटत नाही. अशा तरुणाची झीज होते ती चिंतेने.

भयाची दोन रूपे

आमच्या अनुभवात हे भय दोन रूपांत भेटते. ओळख पटू नये म्हणून पुढील दोन्ही चित्रे अनेकांच्या हकिकती एकत्र करून रेखाटली आहेत.

पहिला आहे ऊसतोडीहून परतलेला एक तरुण. पट्ट्यात असताना एकदा त्याचे पाऊल घसरले. पुढे त्याने तीन गावांत एचआयव्हीची तपासणी करून घेतली. तिन्ही वेळा रोग नाही असाच निष्कर्ष निघाला, आणि शेवटची तपासणी तर त्या घटनेला सहा महिने उलटून गेल्यावर झालेली होती. ते कागद घडी घालून तो खिशात बाळगतो. तरीही भिंतीवरची जाहिरात वाचून एका लॉजवर बसणाऱ्या तथाकथित तज्ज्ञाकडे तो गेला आणि मुकादमाकडून घेतलेल्या उचलीतील मोठी रक्कम पुड्यांवर घालवून बसला. तो पत्नीजवळ जात नाही, लेकराचा मुका घेत नाही. त्याच्या रक्तात दोष नाही. तरीही संसार मोडकळीस आला आहे.

दुसरी आहे एक मध्यमवयीन स्त्री. अंगावरून पांढरे जाणे, ओटीपोटात दुखणे हे तिने चार वर्षे सोसले. सांगावे कोणाला? नवऱ्याला सांगितले तर तो संशय घेईल, सासूला सांगितले तर गावभर होईल. अखेर कोणीतरी म्हणाले, "पिशवीला कॅन्सर होतो, काढून टाक." ती आमच्याकडे आली ती थेट शस्त्रक्रियेची तारीख मागण्यासाठी. तपासणीत साधा जंतुसंसर्ग आढळला. पती-पत्नी दोघांनाही औषध देऊन तो बरा झाला.

पहिल्याला रोग नव्हता, भय होते. दुसरीला रोग होता, आणि भयाने तो चार वर्षे झाकून ठेवला. हे दुसरे रूप अधिक व्यापक आहे. डॉ. राणी बंग व डॉ. अभय बंग यांनी गडचिरोली जिल्ह्यातील दोन गावांत ६५० स्त्रियांची तपासणी केली आणि तिचे निष्कर्ष १९८९ मध्ये 'लॅन्सेट' या नियतकालिकात प्रसिद्ध झाले. ९२ टक्के स्त्रियांना स्त्रीरोग वा लैंगिक आजार होते. त्यांपैकी पूर्वी कधी अशी तपासणी झालेल्या स्त्रिया अवघ्या ८ टक्के होत्या. आमच्या शेजारच्या बीड जिल्ह्यात २०१९ मध्ये शासनाने सुमारे ८२ हजार ऊसतोड महिलांची पाहणी केली, तेव्हा १३ हजारांहून अधिक जणींचे गर्भाशय काढलेले आढळले. त्यामागे दारिद्र्य होते, कामाचे खाडे पडण्याची धास्ती होती. पण कर्करोगाचे दाखविलेले भयही होते. भयाचा असा व्यापार होतो, हे विसरता येणार नाही.

शंभर वर्षांपूर्वीचा एक धडा

या विषयावर मराठीत कोणी बोललेच नाही, असे मात्र नाही. महर्षी धोंडो केशव कर्वे यांचे पुत्र प्रा. रघुनाथ धोंडो कर्वे यांनी १९२१ मध्ये मुंबईत संततिनियमनाचे केंद्र सुरू केले आणि १९२३ मध्ये गुप्तरोगांपासून बचाव कसा करावा, यावर पुस्तक लिहिले. जुलै १९२७ पासून १९५३ मध्ये मृत्यू येईपर्यंत त्यांनी 'समाजस्वास्थ्य' हे मासिक नेटाने चालविले. त्यात वाचक आपल्या शंका विचारीत आणि कर्वे त्यांना सरळ उत्तरे देत. याच उत्तरांवरून त्यांच्यावर अश्लीलतेचा खटला भरला गेला. १९३४ मध्ये त्यांच्या बाजूने डॉ. बाबासाहेब आंबेडकर वकील म्हणून उभे राहिले. निकाल कर्वे यांच्या विरुद्ध गेला आणि त्यांना दंड झाला. परंतु प्रश्न विचारणारा मनुष्य विकृतच असला पाहिजे, ही समजूत चुकीची आहे, हा विचार महाराष्ट्रापुढे कायमचा मांडला गेला. आमच्या सल्ला-खोलीत रोज जे घडते ते त्या पत्रव्यवहाराचेच पुढचे पान होय.

शब्दाचा वापर कसा करावा

१. सावधगिरीला भय म्हणू नये. निरोध वापरणे, विवाहापूर्वी किंवा गरोदरपणी रक्ततपासणी करून घेणे, हे विवेकाचे लक्षण आहे. "तिला गुप्तरोगभय आहे, म्हणून तपासणी मागते," हे वाक्य अन्यायाचे आहे.

२. संकोचाला भय म्हणू नये. स्त्री डॉक्टर मागणारी रुग्ण भित्री नसते. तिला आडोसा हवा असतो, आणि तो देणे आपले कर्तव्य आहे.

३. समाजाच्या तिरस्काराला रुग्णाचे भय म्हणू नये. एचआयव्हीबाधिताला घरातून काढले जाईल अशी धास्ती वाटत असेल, तर दोष त्याच्या मनात नसून घरात आहे. २०१७ च्या एचआयव्ही व एड्स कायद्याने, जो १० सप्टेंबर २०१८ पासून लागू आहे, असा भेदभाव करण्यास मनाई केली असून रुग्णाची माहिती गुप्त ठेवणे बंधनकारक केले आहे.

४. शब्द माणसाला चिकटवू नये. "हा गुप्तरोगभयी आहे" असे न म्हणता "याला गुप्तरोगभयाचा त्रास होतो आहे" असे म्हणावे. त्रास उतरतो, शिक्का मात्र राहतो.

५. तपासणीपूर्वी हा शब्द उच्चारू नये. आधी शरीर तपासावे, मगच मनाविषयी बोलावे. खरा रोग असताना "तुमच्या मनाचे खेळ आहेत" असे सांगणे यासारखी दुसरी चूक नाही.

उपाय

ज्यांना प्रत्यक्ष रोग आहे, त्यांच्यासाठी आज निश्चित उपचार उपलब्ध आहेत. सुरुवातीच्या अवस्थेतील उपदंश पेनिसिलीनच्या एका दीर्घकाळ टिकणाऱ्या मात्रेने बरा होतो. वेळेवर उपचार न झाल्यास तोच रोग गर्भातील बाळापर्यंत पोहोचतो. म्हणून उशीर हाच खरा शत्रू आहे. जोडीदाराचाही उपचार झाला नाही, तर रोग परत येतो. एचआयव्हीवरील औषधे शासनाने एप्रिल २००४ पासून मोफत देण्यास प्रारंभ केला. नियमित औषधाने विषाणूंचे प्रमाण चाचणीत न सापडण्याइतके खाली राखले, तर लैंगिक संबंधातून संसर्ग पसरत नाही, हे आता सिद्ध झाले आहे.

ज्यांना केवळ भय आहे, त्यांना नवनवीन तपासण्या देणे हा उपचार नव्हे. एकदा योग्य कालावधीनंतर योग्य तपासणी करावी, निष्कर्ष समजावून सांगावा आणि तेथे थांबावे. त्यानंतर पुनःपुन्हा खात्री करण्याची सवय हळूहळू सोडविणे, चुकीच्या समजुती दूर करणे आणि गरज असल्यास चिंता वा नैराश्यावरील औषधे देणे, हा मार्ग आहे. घरच्यांनीही "तुला काही झालेले नाही" हे दिवसातून दहा वेळा सांगण्याऐवजी रुग्णाला समुपदेशकाकडे आणावे. एचआयव्हीविषयक माहितीसाठी १०९७ आणि मनाच्या आधारासाठी १४४१६ हे शासनाचे निःशुल्क दूरध्वनी क्रमांक आहेत.

पुन्हा पाटीकडे

शासनाने आपल्या लैंगिक आजार केंद्रांना 'सुरक्षा क्लिनिक' आणि महाराष्ट्रातील किशोरवयीनांच्या केंद्रांना 'मैत्री' अशी नावे दिली आहेत. त्यामागील विचार आम्हांस पटला. विश्वस्त मंडळातील एका ज्येष्ठ सदस्यांनी चर्चेत म्हटले, "रोगाचे नाव दारावर नको, आत मिळणाऱ्या मदतीचे नाव हवे." त्याप्रमाणे पाटीवर 'आरोग्य सल्ला कक्ष' एवढेच लिहावयाचे ठरले. कक्षाची वाट औषधवाटपाच्या खिडकीजवळून काढली आहे. त्यामुळे रांगेतून उठणारा माणूस कोठे गेला, हे कोणाच्या ध्यानात येत नाही. रंगविण्याच्या खर्चात फारसा फरक पडला नाही. मात्र वरील स्त्रीसारख्या एखादीची चार वर्षे त्यामुळे वाचली, तर देणगीदारांच्या द्रव्याचे सार्थक झाले, असे आम्ही समजू.

आमचे गंगाखेड हे गोदावरीच्या काठचे, संत जनाबाईंचे गाव. आपल्या घरकामाचे आणि मनातले सारे काही तिने आडपडदा न ठेवता विठ्ठलाला सांगितले. आपल्या रुग्णाला देहाचे दुखणे तितक्याच मोकळेपणी डॉक्टरला सांगता यावे, एवढीच आमची अपेक्षा आहे. वाचकांनी हा लेख घरात मोठ्याने वाचावा. निदान तरुण मुलामुलींच्या हाती पडेल असा ठेवावा, ही नम्र विनंती.