निकेल महागलं, म्हणून पंप किती महागावा?

डेअरीसाठी, रसायनांच्या प्लँटसाठी किंवा साखर कारखान्यासाठी स्टेनलेसचा पंप घ्यायला गेलात, की कोटेशनच्या तळाशी दोन ओळी हमखास भेटतात. 'दर पंधरा दिवसांपुरते वैध' आणि 'कच्च्या मालाच्या भावातील फरक लागू राहील'. पहिली ओळ रास्त आहे. दुसरीवर सही करण्याआधी कॅल्क्युलेटर काढा.

३१६ जातीच्या ओतीव स्टेनलेसमध्ये निकेल असतं ९ ते १२ टक्के आणि मॉलिब्डेनम २ ते ३ टक्के. केसिंग, इम्पेलर आणि कव्हर मिळून ६० किलो धरले, तर निकेल साधारण सहा किलो. लंडन मेटल एक्स्चेंजवर ते टनामागे चार हजार डॉलरनं चढलं, म्हणजे चांगलीच उसळी, तरी किलोला चार डॉलर आणि पंपाला चोवीस. डॉलर ९० रुपयांचा धरा: २,१६० रुपये. ओतकामातली घट आणि व्याज घालून तीन हजार म्हणू. निकेलच्या नावावर कुणी वीस हजार वाढवून मागत असेल, तर उरलेल्या सतरा हजारांचा हिशेब मागायचा. हिशेब असूही शकतो: मॉलिब्डेनम, मोटरमधलं तांबं, भट्टीचं वीजबिल. पण तो सुटा सुटा लिहून मिळाला पाहिजे.

अपवाद असतात. ८ मार्च २०२२ रोजी निकेल टनाला एक लाख डॉलरच्या वर गेलं, तेव्हा एक्स्चेंजनं व्यवहारच थांबवले आणि त्या दिवसाचे सौदे रद्द केले. अशा आठवड्यात कोटेशन मागवूच नये.

एरवी ओतीव भागांचं वजन कोटेशनमध्येच लिहून मागा. विक्रेते कुरकुर करतात, सोन्याच्या दुकानात वजन विचारल्यासारखं तोंड करतात. करू द्या. भाववाढीची अट एका ठरावीक तारखेच्या निकेलच्या भावाला बांधा, आणि भाव उतरला तर पैसे कमी होतील हेही त्याच वाक्यात लिहून घ्या. बिडाच्या पंपाला ही अट मान्यच करू नका. पिग आयर्न किलोला पाच रुपयांनी चढलं, तरी ६० किलोंना फरक तीनशे रुपयांचा.

खरा फटका बसतो तो उशिराचा. डुप्लेक्स किंवा अलॉय २० सारख्या मिश्रधातूचं एकच कास्टिंग हवं असेल, तर त्याच धातूच्या आणखी ऑर्डरी जमेपर्यंत फाउंड्री भट्टी लावत नाही. टंगस्टन कार्बाइडच्या मेकॅनिकल सीलचंही तसंच. टंगस्टनच्या जागतिक उत्पादनात चीनचा वाटा सर्वात मोठा, आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये त्यानं टंगस्टनच्या काही उत्पादनांच्या निर्यातीवर परवान्याचं बंधन घातलं. स्वच्छ पाण्याला बहुतेक वेळा कार्बन आणि सिलिकॉन कार्बाइडची जोडी पुरते. तिथं टंगस्टन कार्बाइडसाठी थांबण्यात अर्थ नाही. जादा सील मात्र पंपाच्याच ऑर्डरीत टाका.

आणि पाच-दहा हजारांची घासाघीस करताना विजेकडेही पाहा. ताशी ५० घनमीटर पाणी, हेड ३० मीटर, वर्षाला ६,००० तास, मोटरची कार्यक्षमता ९० टक्के, युनिटला आठ रुपये. पंपाची कार्यक्षमता ७० टक्के असेल तर वर्षाचं बिल ३ लाख ११ हजार. ६४ असेल तर ३ लाख ४१ हजार. स्वस्तातल्या पंपावर वाचवलेले पैसे पहिल्याच वर्षी महावितरणकडे जातात. म्हणून कार्यक्षमता तुमच्या डिस्चार्जला आणि हेडला किती, ते टेस्टच्या वक्रावर पेन्सिलीनं खूण करून घ्या. कॅटलॉगवरचा सर्वोच्च आकडा उपयोगाचा नाही.

माल आल्यावर लोहचुंबक लावून पाहायची सवय सोडा. ओतीव ३१६ मध्ये थोडं फेराइट असतं, त्यामुळे अस्सल मालालाही चुंबक किंचित ओढतो; शिवाय ३०४ आणि ३१६ मधला फरक त्याला कळतच नाही. कास्टिंगवरचा हीट नंबर टेस्ट सर्टिफिकेटशी जुळवा, आणि रंग चढण्याआधी, विक्रेत्याच्याच शेडमध्ये, एक्स-रे गननं मॉलिब्डेनम मोजून घ्या.