रबराच्या रिंगखाली

बाबांचं पोटाचं ऑपरेशन होऊन तीन आठवडे झाले होते. जेवण जात नव्हतं, वजन उतरत होतं, म्हणून आहारतज्ज्ञ बाईंनी दिवसातून दोनदा दुधातून प्रोटीन पावडर द्यायला सांगितली. माझा जिमचा शेकर घरात होताच, तोच काढला. सकाळी बाबांचं पिऊन झालं की त्यात पाणी आणि थेंबभर भांड्यांचं लिक्विड घालायचं, खळखळ हलवायचं, विसळायचं आणि झाकण घट्ट लावून ओट्यावर ठेवायचं. संध्याकाळी पुन्हा तोच शेकर. दिवस पावसाळ्याचे होते, घरात वाळत घातलेले कपडेही दोन-दोन दिवस दमट राहत होते.

पाचव्या दिवशी रात्री बाबांना उलट्या सुरू झाल्या. पहाटे सलाइन लावावं लागलं. काय काय खाल्लं-प्यायलं ते डॉक्टरांनी विचारलं आणि शेकर घेऊन यायला सांगितलं. तिथल्या सिस्टरनी झाकण उलटं केलं, केसातली पिन काढली आणि आतली रबराची रिंग उचकटली. रिंगखालच्या खाचेत गोलभर पिवळट, बुळबुळीत थर साचला होता, मध्ये मध्ये काळे ठिपके. वास इतका उग्र की मी दोन पावलं मागे सरकले. बाटली मात्र बाहेरून लख्ख होती.

उलट्या त्यामुळेच झाल्या असं डॉक्टरांनी छातीठोकपणे सांगितलं नाही. तपासणीशिवाय ते सांगता येत नाही. पण नुकत्याच ऑपरेशनमधून उठलेल्या माणसाला मी त्या झाकणातून रोज दोनदा प्यायला देत होते, हे खरं. ते अजून मनातून जात नाही. म्हणूनच शेकर दिसला की मी समोरच्याला झाकण उघडायला लावते.

श्रीखंडासाठी चक्का टांगला की खालच्या पातेल्यात हिरवट-पिवळं पाणी जमतं, ती निवळी. चीज करताना निघणारी अशीच निवळी गाळून, आटवून, वाळवली की व्हे प्रोटीनची पावडर होते. म्हणजे शेकरच्या तळाशी उरतो तो दुधाचाच अंश. दुधातून घेतलं तर त्यात लॅक्टोज ही साखरही आली आणि जिवाणूंना दोन्ही आवडतं. व्हेमध्ये गंधक असलेली अमिनो आम्लं भरपूर असतात. जिवाणू ती फोडतात तेव्हा हायड्रोजन सल्फाइडसारखे वायू सुटतात. शिळ्या शेकरला सडक्या अंड्याचा वास येतो तो यामुळे.

अन्नाच्या बाबतीत 5 ते 60 अंश सेल्सिअस हा जिवाणूंच्या वाढीचा धोकादायक पट्टा मानतात, आणि आपल्याकडची खोली, ऑफिसची बॅग, स्कूटरची डिकी वर्षभर त्याच पट्ट्यात असते. परिस्थिती पोषक असेल तर काही जिवाणू दर 20 मिनिटांनी दुप्पट होतात. सकाळी सातला पिऊन बॅगेत टाकलेला शेकर दुपारी दोनला उघडला, तर मधल्या सात तासांत 21 वेळा दुप्पट होण्याइतका वेळ मिळालेला असतो. कागदावर हिशेब केला तर एकाचे 20 लाखांवर जातात. प्रत्यक्षात वेग कमी-जास्त होतो, पण दिशा हीच. आमच्या जिममधल्या एका मुलाने डिकीत तीन दिवस विसरलेला शेकर उघडला, तेव्हा आतल्या वायूच्या दाबाने झाकण फटकन उडालं आणि सगळं त्याच्या तोंडावर आलं.

आणखी एक गोष्ट फार थोड्यांना ठाऊक असते. स्टॅफिलोकॉकस ऑरियस हा आपल्या त्वचेवर आणि नाकात राहणारा जिवाणू अन्नात वाढला की विष सोडतो आणि ते विष उकळूनही जात नाही. उरलेलं पेय गरम करून प्यावं, हा विचार त्यामुळे सोडून द्यायला हवा.

तो बुळबुळीत थर म्हणजे बायोफिल्म, जिवाणूंनी स्वतःभोवती तयार केलेलं चिकट कवच. डच लिनेन व्यापारी अँटोनी व्हॅन लेव्हेनहूक याने 1683 साली स्वतःच्या दातांवरचं किटण भिंगाखाली पाहून त्यातल्या सूक्ष्म जीवांचं वर्णन लंडनच्या रॉयल सोसायटीला कळवलं होतं. व्हिनेगर किटणाच्या बाहेरच्या जीवांना मारतं, आतल्यांपर्यंत पोचत नाही, हेही त्याच्या ध्यानात आलं होतं. शेकरचं तेच आहे. नुसतं हलवून, नुसतं भिजवून तो थर निघत नाही. दात जसे घासावे लागतात, तशीच ती खाच घासावी लागते.

धुण्याचा क्रम महत्त्वाचा. पिऊन झाल्याबरोबर, जिथे असू तिथल्या नळाखाली, आधी साध्या पाण्याने विसळावं आणि झाकण उघडं ठेवूनच घरी आणावं. पहिल्या विसळण्याला उकळतं पाणी नको. साधारण 70 अंशांच्या वर व्हेमधली प्रथिनं गोठू लागतात आणि प्लास्टिकला चिकटतात. अंड्याचं भांडं उकळत्या पाण्याने धुतलेल्या कुणालाही हे वेगळं सांगायला नको. विसळून झाल्यावर कोमट साबणाचं पाणी घ्यावं, झाकण, तोटी, आतली जाळी किंवा तारेचा चेंडू सुटा करावा आणि रिंग निघत असेल तर चमच्याच्या मागच्या टोकाने ती काढावी. खाचेसाठी जुना, पण फक्त याच कामाला ठेवलेला मऊ टूथब्रश उत्तम. तारेची घासणी मात्र नको. तिने प्लास्टिकवर ओरखडे पडतात आणि पुढचा थर तिथेच बसतो. शेवटी सगळे भाग सुटे, उताणे-पालथे कसेही, पण एकमेकांपासून वेगळे ठेवून पूर्ण वाळवावेत. ओला शेकर झाकण लावून ठेवणं, ही माझी सगळ्यात मोठी चूक होती.

वास बसलेलाच असेल तर दोन चमचे खायचा सोडा कोमट पाण्यात घालून रात्रभर भरून ठेवावा, सकाळी पुन्हा घासावं. सोडा आणि व्हिनेगर एकत्र ओतायचा सल्ला सर्रास दिला जातो. फेस छान येतो, पण दोघं एकमेकांना निष्प्रभ करतात आणि मागे उरतं ते बरंचसं खारट पाणी. ब्लीच वापरायचंच असेल तर आधी घासून स्वच्छ केलेल्या बाटलीवर, पातळ करून, वेष्टनावरच्या प्रमाणातच वापरावं. घाण असताना त्याचा जोर घाणीवरच खर्च होतो. ब्लीचमध्ये व्हिनेगर किंवा लिंबू कधीही मिसळू नये. त्यातून क्लोरीन वायू निघतो, आणि तो फुप्फुसांना जाळतो. गरम पाणी भरून झाकण लावून हलवणंही टाळावं, वाफेच्या दाबाने झाकण उडून भाजतं.

घरोघरी केळं-दूध-पावडर मिक्सरलाच लावतात, तेव्हा तिथलंही पाहिलं पाहिजे. 2013 साली अमेरिकेतल्या एनएसएफ या संस्थेने घरांतल्या स्वयंपाकघरातल्या वस्तू तपासल्या, तेव्हा ब्लेंडरच्या पात्याखालची रबर रिंग सर्वाधिक जंतू असलेल्या जागांपैकी एक निघाली. पातं सुटं होणारा ब्लेंडर असेल तर रोज सुटा करूनच धुवावा. आपल्या मिक्सरचं पातं सहसा सहज निघत नाही. तिथे अर्धं भांडं पाणी आणि लिक्विड घालून अर्धा मिनिट फिरवावं, मग मिक्सरवरून काढून लांब दांड्याच्या ब्रशने पात्याखाली घासावं. भांडं रात्रभर पाण्यात बुडवून ठेवू नये, बुशमध्ये पाणी शिरतं आणि ते गळू लागतं. झाकणाची रिंग मात्र दर वेळी काढावी, तिच्याकडे कुणी पाहत नाही.

रिंगवर काळे ठिपके घासूनही राहिले, तर ती बदलावी. बाटली आतून धुरकट, ओरखड्यांची झाली किंवा सोड्यानंतरही वास येत राहिला, तर ती टाकून द्यावी. आजारी, वृद्ध, गरोदर किंवा किमोथेरपी घेणाऱ्या माणसासाठी बाटली वेगळी ठेवावी. नाहीतर बाटलीचा नादच सोडावा.

बाबांना मी आता स्टीलच्या रुंद तोंडाच्या पेल्यात, छोट्या स्टीलच्या रवीने घुसळून देते. पेल्यात हात पूर्ण जातो.