वाटाण्याचा चित्रपट

यवतमाळ जिल्ह्यात कपाशीची शेती खूप. तुमच्यापैकी पुष्कळांनी कपाशीचे फूल पाहिले असेल. उमलते तेव्हा ते फिकट पिवळे असते आणि दुसऱ्या दिवशी गुलाबी होते. पण रंग बदलताना ते कोणी पाहिले आहे का? हा बदल इतका हळू होतो की, तो आपल्या डोळ्यांना दिसत नाही. रोपाची वाढही अशीच. मग ती दाखवायची कशी? १९१२ साली मुंबईत धुंडिराज गोविंद फाळके यांनी ती पडद्यावर दाखवली. हेच दादासाहेब फाळके.

१९११ मध्ये फाळक्यांनी येशू ख्रिस्तांच्या जीवनावरचा एक मूकपट पाहिला. असे चित्रपट आपल्या देशातही तयार व्हावेत, असे त्यांच्या मनाने घेतले. तेव्हा ते चाळिशीचे होते. छापखान्याचा धंदा सुटला होता. तरी ते रोज संध्याकाळी चित्रपट पाहत. डोळ्यांवर इतका ताण पडला की, त्यांना काही काळ दिसेनासे झाले. उपचारांनी दृष्टी परत आली. मग विम्याची पॉलिसी गहाण ठेवून ते फेब्रुवारी १९१२ मध्ये लंडनला गेले आणि कॅमेरा घेऊन परतले.

पण चित्रपटासाठी पैसे कोण देणार? लोकांना ते खूळ वाटे. नुसत्या बोलण्याने कोणाची खात्री पटेना. तेव्हा फाळक्यांनी एका कुंडीत वाटाणे पेरले. समोर कॅमेरा पक्का बसवला. कॅमेऱ्याची मूठ हाताने फिरवावी लागे. ती भराभर न फिरवता ते रोज थोडी थोडी चित्रे घेत. महिनाभराहून अधिक दिवस हे चालले. कुंडी जरा हलली असती, तर सगळी मेहनत वाया! (दिवसाला एकच चित्र घेतले, असे काही ठिकाणी लिहिलेले आढळते. पण त्या काळी पडद्यावरच्या एका सेकंदाला साधारण १६ चित्रे लागत. महिन्याची तीस चित्रे दोन सेकंदांतच संपली असती.)

पडद्यावर माती उकलली, कोंब वर आला, पाने फुटली, वेल वाढला. सगळे मिनिटभरात! ना राजा, ना राणी, ना गोष्ट. या छोट्या पटाचे नाव ‘अंकुराची वाढ’. तो पाहून यशवंत नाडकर्णी कर्ज द्यायला तयार झाले. तेवढ्याने भागले नाही. फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई यांनी आपले दागिने दिले. कोऱ्या फिल्मच्या कडांना भोके पाडण्याचे कामही त्या अंधाऱ्या खोलीत बसून करत.

३ मे १९१३ रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईच्या कोरोनेशन थिएटरात लागला. पुढेही फाळक्यांनी छोटे पट सोडले नाहीत. ‘आगकाड्यांची मौज’ या पटात काड्या आपोआप हलताना दिसतात. युक्ती वाटाण्याचीच. काडी थोडी सरकवायची, चित्र घ्यायचे, पुन्हा थोडी सरकवायची.

स्वाध्याय
१. फाळक्यांनी कुंडीसमोरचा कॅमेरा का हलू दिला नाही?
२. एका सेकंदाला १६, तर एका मिनिटाला किती चित्रे लागतील?