पडद्यामागील सरस्वतीबाई

चित्रपट पाहणाऱ्यांचे डोळे पडद्यावरील राजा-राणीकडे लागलेले असतात. परंतु राजाचा मुकुट वेळेवर आला की नाही, राणीचे वस्त्र धुतले की नाही, उद्या इतक्या माणसांचे जेवण कोठे व्हावयाचे, याची चिंता वाहणारा माणूस पडद्यावर कधीच दिसत नाही. त्यास आज निर्मिती व्यवस्थापक म्हणतात. दादासाहेब फाळके यांनी १९१२ साली ‘राजा हरिश्चंद्र’ हा चित्रपट काढावयास घेतला, तेव्हा असे पद कोणास दिलेले नव्हते. काम मात्र होतेच, आणि ते त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई यांनी अंगावर घेतले.

फाळके त्याच वर्षी विलायतेस जाऊन ही कला पाहून आले होते. परंतु या नव्या धंद्यात पैसा घालण्यास कोणी धजेना. तेव्हा सरस्वतीबाईंनी आपले दागिने काढून दिले. दादरला चित्रणाचे काम सुरू झाले. साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक त्या रोज करीत, नटांचे कपडे धूत आणि घरच्या मुलांचेही पाहत. त्यांचा मुलगा भालचंद्र याने रोहिदासाची भूमिका केली. राणी तारामतीच्या भूमिकेस मात्र एकही स्त्री मिळाली नाही. ती साळुंके या पुरुष नटाने केली! त्या काळी चित्रण सूर्यप्रकाशावर चाले. नटांच्या तोंडावर उजेड परतावा म्हणून सरस्वतीबाई भर उन्हात पांढरी चादर धरून उभ्या राहत.

खरी कसोटी रात्री लागे. कोरी फिल्म परदेशातून येई, पण तिच्या कडांना छिद्रे नसत. या छिद्रांत यंत्राचे दात अडकतात, तेव्हाच फिल्म पुढे सरकते. छिद्र जरा इकडेतिकडे झाले, तर पडद्यावर चित्र नाचू लागते. एका चित्रास दोन्ही कडांची मिळून आठ छिद्रे लागतात, आणि एका फुटात सोळा चित्रे मावतात. ‘राजा हरिश्चंद्र’ची लांबी सुमारे ३,७०० फूट होती. गुणाकार केला म्हणजे छिद्रांची संख्या पावणेपाच लाखांच्या घरात जाते. वाया गेलेली फिल्म निराळीच. कोऱ्या फिल्मला उजेड लागला की ती फुकट जाते, म्हणून हे सारे अंधारात करावे लागे. दिवसभर चुलीपुढे राबलेल्या सरस्वतीबाई रात्री यंत्राशी बसत. रसायने कालवून फिल्म धुण्याची विद्याही त्यांनी पतीकडून शिकून घेतली होती. एका चुकीने साऱ्या मंडळींची दिवसाची मेहनत पाण्यात गेली असती.

अशा कामात आधी खबर पोहोचविण्यालाही मोल असते. एकदा बाहेरच्या चित्रणासाठी मंडळी वांगणी गावी गेली. ढाल-तलवारी घेतलेली माणसे पाहून गावकऱ्यांना दरोडेखोर आल्यासारखे वाटले आणि प्रकरण फौजदारापर्यंत गेले, असे सांगतात. आज अशा वेळी व्यवस्थापक अगोदर जाऊन परवानगी काढून ठेवतो.

सुमारे सात महिन्यांनी चित्रपट पुरा झाला. ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन चित्रपटगृहात तो लोकांपुढे आला. त्याच वर्षी फाळके यांनी आपला कारखाना नाशिकला नेला, आणि पुढच्या चित्रपटांची तयारी तेथे सुरू झाली.